कुष्ठरोगजन्य तंत्रिकाविकार

कुष्ठरोगाच्या जंतूंमुळे व त्यांच्याविरुद्ध शरीरात उद्‌भवणाऱ्या प्रतिक्रियेमुळे हात, पाय आणि चेहरा यांना जाणाऱ्या परिसरीय तंत्रिकांची (मेंदू व मेरुरज्जू यांच्या बाहेरील मज्जातंतूंची) जी हानी होते, तिला कुष्ठरोगजन्य तंत्रिकाविकार म्हणतात. त्वचेची बधिरता, स्नायूंचे दौर्बल्य व कृशता (रोडावणे) आणि घाम येणे बंद पडून त्वचा कोरडी होणे ही त्याची तीन प्रमुख अंगे होत. कुष्ठरोग हा चिरकारी (दीर्घकालीन) संसर्गजन्य रोग सामान्यतः त्वचारोग मानला जातो. त्वचेवरील चट्ट्यांमुळे तो ओळखू येतो हे खरे असले, तरी रुग्णाला अपंग करणारी विकृती तंत्रिकांत असते. तंत्रिका शाबूत राहिल्या तर त्वचेवरील चट्टे ही फारशी गंभीर बाब ठरत नाही.

मराठीत ‘रक्तपिती’ व ‘महारोग’ ही या रोगाची जुनी नावे असून ‘बोटे झडणे’ हा वाक्प्रयोग त्याला कायमचा चिकटलेला आहे. या रोगात मांस सडते व बोटे आपोआप गळून पडतात, अशी समजूत केवळ सामान्य जनांतच नव्हे, तर विसाव्या शतकाच्या मध्यापर्यंत अनेक वैद्यांतही रूढ होती. ती चुकीची आहे. कुष्ठजंतू बोटे खात नाहीत; बोटांचे रक्षण करणारी वेदना ते नाहीशी करतात.

सुश्रुतसंहितेच्या निदानस्थानात कुष्ठाची लक्षणे सांगताना स्पर्शहानी आणि हात वाकडा होणे या दोहोंचा उल्लेख येतो. प्राचीन ‘कुष्ठ’ या संज्ञेत अनेक त्वचारोगांचा समावेश होत असे, हे मात्र ध्यानात ठेवावयास हवे. यूरोपात डॅन्येल डान्येलसेन व कार्ल बेक या नॉर्वेजियन वैद्यांनी १८४७ मध्ये या रोगाचे पहिले शास्त्रशुद्ध वर्णन प्रसिद्ध केले. बधिरता आणणारा असा रोगाचा एक स्वतंत्र प्रकार त्यांनी मानला होता. १८७३ मध्ये बर्गेन येथे गेऱ्हार्ट आर्मौअर हॅन्सन यांनी रोग्याच्या ऊतकांत (समान रचना व कार्य असणाऱ्या कोशिकासमूहांत) दंडाकार जंतू पाहिले आणि रोग आनुवंशिक नसून सांसर्गिक आहे, या मताला आधार मिळाला. मायकोबॅक्टिरियम लेप्री या नावाने ओळखला जाणारा हा जंतू कृत्रिम संवर्धकात अद्याप वाढविता आलेला नाही.

विकृतिविज्ञान : परिसरीय तंत्रिकांवर आक्रमण करणारे जंतू मुळातच फार थोडे आहेत, त्यांत कुष्ठजंतू अग्रगण्य होय. तंत्रिकाक्षांभोवती (तंत्रिका कोशिकेपासून निघणाऱ्या लांब तंतूंभोवती) आवरण घालणाऱ्या व त्यांचे पोषण करणाऱ्या ज्या कोशिका असतात, त्यांना टेओडोर श्व्हान यांच्या नावावरून श्व्हान कोशिका म्हणतात. कुष्ठजंतूच्या पृष्ठभागावरील एक विशिष्ट वसायुक्त पदार्थ या कोशिकांच्या बाह्य पटलातील प्रथिनाशी जोडला जातो आणि जंतू आत शिरतो. तेथे त्याला सहजासहजी कोणी गाठू शकत नाही. त्याची वाढ अतिशय मंद असून एकाचे दोन होण्यास सु. १२ ते १४ दिवस लागतात. रोगाचा परिपाककाल (जंतुप्रवेशापासून लक्षणे दिसेपर्यंतचा काळ) सरासरी पाच वर्षांचा, क्वचित वीस वर्षांहूनही अधिक असतो.

हानी कशा प्रकारे होईल हे जंतूंपेक्षा रुग्णाच्या प्रतिकारक्षमतेवर अधिक अवलंबून असते. डी. एस. रिडले व डब्ल्यू. एच. जॉपलिंग यांनी १९६६ मध्ये मांडलेल्या वर्गीकरणात रोगाचे प्रकार एका पट्ट्याप्रमाणे मांडलेले आहेत. एका टोकाला असलेल्या ट्युबरक्युलॉइड प्रकारात प्रतिकार जोरदार असतो. जंतू फारच थोडे असतात. पण त्यांना नष्ट करण्याच्या खटाटोपात शरीर आपल्याच तंत्रिकेची नासाडी करते आणि एखाददुसरी तंत्रिका लवकर व पूर्णपणे निकामी होते. कधीकधी तिच्यात विद्रधीही (गळू) होते. दुसऱ्या टोकाला असलेल्या लेप्रोमॅटस प्रकारात प्रतिकार जवळजवळ नसतो. जंतू असंख्य असतात, हानी सावकाश परंतु दोन्ही बाजूंना आणि विस्तृत होते. या दोहोंमधील सीमावर्ती रुग्णांची प्रतिकारक्षमता अस्थिर असल्यामुळे त्यांच्या तंत्रिकांना सर्वांत मोठा धोका संभवतो. त्वचेवर एकही चट्टा नसताना केवळ तंत्रिकाच रोगग्रस्त होण्याचा शुद्ध तंत्रिकीय प्रकारही आहे. तो भारतात विशेष आढळतो आणि निदानात हमखास चकवतो.

कुष्ठजंतूला २७° ते ३०° से. तापमान मानवते, म्हणजे शरीराच्या गाभ्यापेक्षा तो थंड भागात रमतो. त्यामुळे तंत्रिका जेथे त्वचेलगत येतात, हाडावरून किंवा अरुंद खोबणीतून जातात आणि सांध्याच्या हालचालीने सतत ताणल्या जातात, नेमकी तेथेच हानी होते. कोपराच्या आतील बाजूची अल्नर तंत्रिका (कोपर आपटल्यावर जिच्यामुळे करंगळीपर्यंत झिणझिण्या येतात ती), मनगटाच्या किंचित वरची मध्यम तंत्रिका, गुडघ्याच्या बाहेरील बाजूस खाली हाडाला वळसा घालून जाणारी तंत्रिका, घोट्याच्या आतील बाजूस मागे असणारी तंत्रिका आणि चेहऱ्यावरील पापण्यांना जाणारी शाखा या नेहमी बाधित होणाऱ्या तंत्रिका होत. मानेच्या बाजूने कानाकडे जाणारी तंत्रिका दोरीसारखी जाड झालेली पुष्कळदा नुसत्या डोळ्यांनी दिसते. याउलट खोल व उबदार भागातील ऊतके वाचतात. दंडाचे व पुढच्या बाहूचे मोठे स्नायू बहुधा शाबूत राहतात, कंडरांचे प्रतिक्षेप टिकून असतात, सांध्यांच्या स्थितीची जाणीवही राहते. इतर अनेक तंत्रिकाविकारांपासून कुष्ठरोग वेगळा ओळखण्यास ही गोष्ट उपयोगी पडते. पुढे वर्णिलेली शस्त्रक्रियाही तिच्यामुळेच शक्य होते.

लक्षणे : प्रथम उष्ण व थंड यांतील भेद कळेनासा होतो, त्यानंतर हलका स्पर्श व वेदना नाहीशा होतात. प्रारंभी मुंग्या येणे, तंत्रिकेच्या मार्गात दुखणे किंवा दाबल्यास कळ येणे ही लक्षणे असू शकतात. परंतु कोणतीही वेदना न होता तंत्रिका मूकपणे निकामी होणे हेही वारंवार घडते. दुखत नाही म्हणून रुग्ण वैद्याकडे जात नाही. एरवी दुखण्याच्या अभावाला माणूस आरोग्य समजतो. येथे तेच रोगाचे चिन्ह असते.

स्नायूंचे दौर्बल्य हातात सर्वांत स्पष्ट दिसते. बोटे वाकविणारे व ताठ करणारे मोठे स्नायू पुढच्या बाहूत असतात, तर बोटांच्या हालचालीत समतोल राखणारे लहान स्नायू पंजातच असतात. अल्नर तंत्रिका कोपराशी निकामी झाली की पंजातील बहुतेक लहान स्नायू पांगळे होतात. मग बाहूतील स्नायूंची ओढ अनिर्बंध होते. बोटांची मुळे मागे ताणली जातात, पुढची पेरी आत वळतात आणि करंगळी व अनामिका नखरासारख्या आकड्या होतात. मध्यम तंत्रिकाही बाधित झाल्यास चारही बोटे आकडतात व अंगठा बोटांसमोर येईनासा होतो. अंगठ्याच्या मुळाशी असणारा मांसल उंचवटा सपाट होतो. अशा हाताची मूठ वळते, पण टोकांपासून गुंडाळत गेल्यासारखी. तिच्यात पेला किंवा भाकरीचा तुकडा धड बसत नाही. नाडी बांधणे, गुंडी लावणे, नाणे उचलणे, सुईत दोरा ओवणे ही कामे अशक्य होतात. हात ताकदीने रिकामा झालेला नसतो. ताकद योग्य जागी लावण्याचे साधन त्याने गमावलेले असते.

मनगट लुळे पडणे त्यामानाने विरळ असते. पायात गुडघ्याजवळील तंत्रिका निकामी झाल्यास पाऊल वर उचलता येत नाही (पादपात). रुग्ण गुडघा उंच उचलून चालतो आणि पाऊल जमिनीवर आपटते. घोट्यामागील तंत्रिका गेल्यास तळवा बधिर होतो व पायाची बोटे आकडतात. पापण्यांची तंत्रिका गेल्यास डोळा मिटत नाही. त्यातच बुबुळाची संवेदना गेलेली असेल, तर धूळ, केरकचरा यांनी झालेली इजा कळत नाही व अंधत्व येऊ शकते.

बधिरतेचे परिणाम : मद्रासजवळील चिंगलपट येथील कुष्ठधामात रॉबर्ट कॉक्रेन यांच्या निमंत्रणावरून १९४७ मध्ये पॉल ब्रँड (१९१४–२००३) हे शल्यचिकित्सक गेले. ब्रँड यांचा जन्म तमिळनाडूतील कोल्ली डोंगरात झालेला असून ते वेल्लोर येथील ख्रिश्चन मेडिकल कॉलेजात अध्यापन करीत होते. एका रुग्णाच्या आकडलेल्या पंजाची पकड त्यांना अनपेक्षितपणे घट्ट जाणवली. पांगळ्या मानलेल्या हातात जोमदार स्नायू शिल्लक आहेत, हे त्यांच्या ध्यानात आले. पुढे वेल्लोर येथे त्यांनी व त्यांच्या सहकाऱ्यांनी रुग्णांच्या हातापायांवरील प्रत्येक जखमेचा माग काढण्याचा परिपाठ ठेवला. जवळजवळ प्रत्येक वेळी कारण बाहेरचे निघाले : तापलेले भांडे, हातात जळत राहिलेली विडी, अवजाराचा खडबडीत दांडा, चपलेतील खिळा. रात्रीतून बोटे आखूड झाल्याच्या काही तक्रारींच्या मुळाशी उंदीर आढळले. झोपेत त्यांनी बोटे कुरतडली तरी रुग्णाला जाग येत नसे. बोटांचे ऊतक कोणत्याही निरोगी माणसाच्या ऊतकाप्रमाणेच भरून येऊ शकते, फक्त त्याला विश्रांती मिळत नाही, असा निष्कर्ष या निरीक्षणांतून निघाला.

वेदना असलेला माणूस पायाला खडा टोचताच लंगडतो. बधिर तळव्याचा रुग्ण त्याच जागी दिवसभर भार देत राहतो. तेथील ऊतक चिरडले जाऊन व्रण होतो, त्यात पूयजनक (पू उत्पन्न करणाऱ्या) जंतूंचा शिरकाव होतो, हाडाला शोथ (दाहयुक्त सूज) येतो, हाडाचे तुकडे बाहेर पडतात किंवा शोषले जातात आणि पाऊल अथवा बोट आखूड होत जाते. बोटे ‘झडणे’ ते हेच. या अवस्थेपर्यंत पोहोचलेल्या पुष्कळ रुग्णांत कुष्ठजंतू केव्हाच मेलेले असतात. लोक मात्र त्यांनाच सर्वांत सांसर्गिक समजून दूर ठेवत आले आहेत. वास्तविक संसर्ग पसरण्याचा संभव उपचार न घेतलेल्या व पुष्कळदा बाह्यतः धडधाकट दिसणाऱ्या बहुजंतुक रुग्णापासून अधिक असतो.

निदान : तंत्रिका बोटांनी चाचपून जाड वा दुखरी आहे काय हे पाहणे, ठराविक बलाने वाकणाऱ्या नायलॉनच्या तंतूंनी तळहात व तळपाय यांची संवेदना तपासणे आणि स्नायूंचे बल आजमावणे या तीन गोष्टींना कोणतेही महागडे उपकरण लागत नाही. करंगळी बाजूला नेणे, अंगठा तळहातापासून वर उभा करणे, मनगट व पाऊल वर उचलणे आणि डोळा घट्ट मिटणे या हालचाली तपासनीसाच्या बोटाच्या विरोधात करावयास सांगून स्नायू सबळ, दुर्बल किंवा पांगळा यांपैकी कसा आहे, याची नोंद करतात. ही नोंद पहिल्या भेटीत झालेली नसेल, तर पुढे झालेला बिघाड नवा की जुना हे ठरविता येत नाही. उपचाराचा सारा निर्णय त्यावरच अवलंबून असल्याने काही मिनिटांच्या या तपासणीची हयगय फार महाग पडते.

चिकित्सा : १९४० नंतरच्या दशकात सल्फोन औषधे, त्यांतही डॅप्सोन, उपलब्ध झाल्यावर रोग बरा होऊ लागला. पुढे जंतू डॅप्सोनला दाद देईनासे झाल्यामुळे १९८१ मध्ये जागतिक आरोग्य संघटनेच्या अभ्यासगटाने रिफँपिसीन, क्लोफॅझिमीन व डॅप्सोन यांच्या संयुक्त बहुविध औषधोपचाराची शिफारस केली. भारताच्या १९५५ पासून चालत आलेल्या कुष्ठरोग नियंत्रण कार्यक्रमाचे १९८३ मध्ये निर्मूलन कार्यक्रमात रूपांतर होऊन हा उपचार विनामूल्य मिळू लागला. अल्पजंतुक रुग्णास सहा व बहुजंतुक रुग्णास बारा महिने औषध पुरते.

या औषधांनी जंतू मरतात. मेलेली तंत्रिका जिवंत होत नाही. शिवाय मृत जंतूंचे अवशेष ऊतकांत दीर्घकाळ राहतात आणि त्यांच्याविरुद्ध प्रतिक्रिया उसळू शकते. पहिल्या प्रकारच्या प्रतिक्रियेत जुने चट्टे लाल होऊन सुजतात व तंत्रिकांना तीव्र शोथ येतो. काही दिवसांतच हात किंवा पाऊल लुळे पडू शकते. दुसऱ्या प्रकारात ताप व त्वचेखाली दुखऱ्या लाल गाठी येतात. प्रतिक्रिया औषध चालू असताना आणि ते संपल्यानंतरही येते. स्त्रियांत बाळंतपणानंतरच्या काळात पहिल्या प्रकारच्या प्रतिक्रियेचा संभव वाढतो. औषध घेऊनही हात वाकडा झाल्याचे पाहून रुग्ण औषधालाच दोष देतो व ते सोडून देतो. अशा प्रसंगाची पूर्वकल्पना त्याला आधीच न दिल्याचा हा परिणाम असतो.

प्रतिक्रियेवर प्रेडनिसोलोन हे स्टेरॉइड औषध देतात. सामान्यतः दररोज ४० मिग्रॅ. पासून प्रारंभ करून मात्रा कित्येक आठवड्यांत हळूहळू कमी केली जाते. मधुमेह, क्षय, जठरव्रण असलेल्यांत विशेष दक्षता घ्यावी लागते. दौर्बल्य सुरू होऊन सहा महिन्यांहून कमी काळ लोटला असेल, तर स्नायूंचे बल बऱ्याच रुग्णांत परत येते. त्यानंतर आशा फार कमी उरते. दुसऱ्या प्रकारावर थॅलिडोमाइड गुणकारी असल्याचे जेकब शेस्किन यांना जेरूसलेम येथे आढळले. गर्भावर भयंकर दुष्परिणाम झाल्यामुळे जगभर मागे घेतलेले हे औषध मूल होण्याच्या वयातील स्त्रियांना मात्र टाळावेच लागते.

कायम झालेल्या पांगळेपणावर कंडरा-स्थलांतराची शस्त्रक्रिया करतात. कार्यक्षम स्नायूची कंडरा मूळ जागेवरून सोडवून निकामी स्नायूचे काम करील अशी दुसरीकडे जोडली जाते. हाताच्या बोटांसाठी पुढच्या बाहूतील, तर पादपातासाठी पोटरीच्या मागील भागातील स्नायू वापरतात. नव्या जागी बसविलेला स्नायू कसा वापरावा, हे शिकण्यास कित्येक आठवडे व्यायाम करावा लागतो. सांधे लवचिक, व्रण भरलेले व रोग शांत असल्याखेरीज ही शस्त्रक्रिया करीत नाहीत. संवेदना तिने परत येत नाही. त्यामुळे सरळ झालेला हातही जपावाच लागतो. मुंबईच्या जे. जे. रुग्णालयातील प्लॅस्टिक शल्यचिकित्सक नोशीर अंतिया (१९२२–२००७) यांनी महाराष्ट्रात या कामाचा पाया घातला.

उरलेला उपाय रुग्णाच्या स्वतःच्या हातात असतो आणि तोच सर्वांत लांब चालतो. हात-पाय रोज सु. वीस मिनिटे पाण्यात भिजवून, जाड कातडी घासून, ओलसर असतानाच तेल लावल्याने घामाअभावी पडणाऱ्या भेगा टळतात. गरम भांडे फडक्याने किंवा सांडशीने धरणे, अवजारांच्या मुठींना मऊ वेष्टन घालणे, निजताना व उठताना तळवे डोळ्यांनी तपासणे, हातांचे निष्क्रिय व्यायाम करून सांधे आखडू न देणे या साध्या सवयी होत. सूक्ष्मछिद्री रबराच्या मऊ तळाची, वर टणक थर असलेली चप्पल वापरल्यास तळव्यावरील भार विभागला जातो. व्रण झाल्यास मलमापेक्षा विश्रांती महत्त्वाची असते. म्हणून पायाला प्लॅस्टरचे घट्ट आवरण घालून भार विभागतात. कुष्ठरुग्णांसाठी दक्षिण आशियात वापरात आलेली ही पद्धत ब्रँड यांनी पुढे अमेरिकेत नेली आणि मधुमेही रुग्णांच्या पायांच्या व्रणांवर ती आता सर्वत्र वापरली जाते. दोन्ही रोगांतील व्रणांचे कारण एकच असल्याने ते स्वाभाविक आहे. मात्र मधुमेहातील तंत्रिकाविकार दोन्ही पायांच्या टोकांकडून मोज्याप्रमाणे समान चढत जातो, तर कुष्ठरोगात ठिकठिकाणच्या तंत्रिका विषमपणे निवडल्या जातात. [→ मधुमेह].

महाराष्ट्रातील कार्य : मुंबईचे अ‍ॅकवर्थ कुष्ठधाम (१८९०) हे या प्रांतातील जुन्या संस्थांपैकी होय. मनोहर दिवाण यांनी वर्ध्याजवळ दत्तपूर येथे १९३६ मध्ये, शिवाजीराव पटवर्धन यांनी अमरावतीस तपोवन येथे आणि बाबा आमटे यांनी वरोड्याजवळ आनंदवन येथे १९५१ मध्ये कार्य सुरू केले. आनंदवनाने आश्रयाऐवजी श्रमावर भर दिला. बधिर हातांनी शेती, बांधकाम व हस्तोद्योग करून दाखविले. वर्धा येथील गांधी स्मारक कुष्ठरोग प्रतिष्ठानने १९५१ पासून रुग्णांना एकत्र डांबण्याऐवजी घरोघर पाहणी, शिक्षण व उपचार ही पद्धत रूढ केली. तंत्रिकांच्या दृष्टीने ती अधिक महत्त्वाची ठरली. कारण आश्रमात येईपर्यंत रुग्णाची बोटे बहुधा गेलेली असत.

डिसेंबर २००५ मध्ये देशातील रुग्णांचे प्रमाण दर १०,००० लोकसंख्येमागे एकाहून कमी झाले व सार्वजनिक आरोग्याचा प्रश्न म्हणून कुष्ठरोगाचे निर्मूलन झाल्याचे घोषित करण्यात आले. या घोषणेचा अर्थ रोग संपला असा लावला गेला. त्यामुळे अनेक वैद्यांच्या बोटांना जाड तंत्रिका चाचपण्याची सवय राहिली नाही. जगात दरवर्षी नोंदल्या जाणाऱ्या नव्या रुग्णांपैकी निम्म्याहून अधिक भारतात असतात आणि त्यांतील काही जण प्रथम भेटीतच दृश्य विकृती घेऊन येतात. १८९८ चा कुष्ठरोगीविषयक कायदा २०१६ मध्ये रद्द झाला आणि २०१९ च्या दुरुस्तीने कुष्ठरोग हे घटस्फोटाचे कारण उरलेले नाही. २०१६ च्या दिव्यांग व्यक्ती हक्क अधिनियमात कुष्ठरोगमुक्त व्यक्तींचा स्वतंत्र वर्ग केलेला असून, दृश्य विकृती नसली तरी हात, पाय व डोळा यांची संवेदना गेलेल्यांचाही त्यात समावेश होतो.